डेस पिगटचा मग

डेस पिगट बुडून मेला तेव्हा मी बरोबर त्याच्या डोक्यावर, फळ्यांच्या वर उभा राहून टाळ्या वाजवत होतो. माझ्याबरोबर बावीस माणसं टाळ्या वाजवत होती, पण त्यांना काय माहीत असणार.

हे आधीच सांगून टाकलं. सरळ बोलायची मला सवय नाही, मागे ठेवलं असतं तर राहूनच गेलं असतं.

आम्ही वॉपिंगचे टॅपस्कॉट. सात पिढ्या पडाववाले. मोठ्या जहाजातला माल पडावात उतरवायचा आणि भरतीच्या जोरावर थेम्समधून वर न्यायचा, हा धंदा. मला परवाना मिळाला एकोणिसाव्या वर्षी, आणि त्याच वर्षी शेवटची गोदी बंद पडली. नदीवर काम उरलं नाही, म्हणून मी नदीवर बोलायचं काम धरलं. दर रविवारी बाराला स्टेशनबाहेर जमायचं, काठाकाठाने चालायचं, चार जुने पब, प्रत्येक ठिकाणी एकेक ग्लास आणि माझ्या तोंडच्या बत्तीस थापा. एका पबात मी स्वतः भिंतीत खिळा ठोकला आणि पाहुण्यांना सांगितलं, या खिळ्याला एक कप्तान टोपी अडकवून गेला तो परतच आला नाही. बायका त्या खिळ्याला हात लावून डोळे पुसायच्या. पबवाला मला त्या दिवसाची बिअर फुकट द्यायचा. तुम्हीच सांगा, कोणाचं काय वाईट झालं?

शेवटचा मुक्काम 'लेम गनर', म्हणजे लंगडा तोफची. त्याचा लाकडी सज्जा नदीवर पुढे आलेला, खाली जुने खांब. ओहोटीला खांबांत चिखलाची जमीन उघडी पडते. पूर्वी समुद्री लुटारूंना अशाच जागी साखळीने बांधून ठेवत, तीन भरत्या अंगावरून जाईपर्यंत. ही मात्र थाप नाही. तर माझी युक्ती अशी की डेसने फाटका कोट घालून खालच्या खांबाला स्वतःला साखळदंडाने बांधून घ्यायचं, आणि मी वर लुटारूची गोष्ट सांगत असताना खालून विव्हळायचं. फळ्यांच्या फटीतून लोक बघायचे आणि किंचाळायचे. मग हसायचे. मग पैसे टाकायचे.

डेस साखरेच्या गोदामात तीस वर्षं होता. गुडघे गेलेले, पण आवाज असा की मेलेला उठून बसेल. जन्म नदीपासून तीन मैल आत, त्यामुळे 'लेम गनर'मध्ये त्याला सगळे 'कोरडा' म्हणायचे. नाव मीच ठेवलं होतं. "कोरड्या, बादलीत पाय घालताना भरती बघून घाल बरं का," असं म्हटलं की अख्खा पब खिदळायचा, आणि डेस सगळ्यांत मोठ्याने.

साखळी आधी प्लॅस्टिकची होती. कोणीतरी इंटरनेटवर लिहिलं, 'लुटारू छान, साखळी खेळण्यातली.' मला झोंबलं. जुनी जहाजं मोडीत काढणाऱ्याकडून खरी साखळी आणली, कुलूपही खरं. चावी डेसच्या खिशात.

आता चूक. आमच्याकडे भरती-ओहोटीचं एक पुस्तक असतं, दरवर्षी नवं. त्यातल्या वेळा बारा महिने हिवाळी घड्याळाच्या. उन्हाळ्यात सरकार घड्याळ एक तास पुढे ढकलतं, तेव्हा पुस्तकातल्या वेळेत एक तास मिळवायचा. हे पडाववाल्याच्या पोराला दूध पिताना शिकवतात. ऑक्टोबरचा शेवटचा रविवार आला की पहाटे घड्याळ मागे येतं आणि मिळवणं बंद. मी शनिवारी संध्याकाळी, डोळ्यांवर चष्मा, हातात ग्लास, पुस्तक उघडलं. रविवारची पूर्ण ओहोटी अकरा चाळीस. सात महिन्यांच्या सवयीने एक मिळवला आणि डेसला फोन केला. "बारा चाळीस, कोरड्या. सव्वाला उतर, अडीचपर्यंत तुझे मोजेही भिजणार नाहीत."

"बारा चाळीस," तो म्हणाला. "ठीक."

मी लोकांना घेऊन सव्वादोनला सज्ज्यावर पोचलो. गाईडने नदीकडे पाठ करून उभं राहायचं असतं, म्हणजे पाहुण्यांना नदी दिसते. त्यांना पाणी दिसत होतं, त्यांना काय कळणार. मला कळलं असतं, पण माझी पाठ होती.

मी गोष्ट सुरू केली. खालून डेस विव्हळला. नेहमीपेक्षा फारच छान.

"क्लाइव्ह," तो ओरडला, "चावी पडली."

हे आमच्या नाटकात नव्हतं. मला वाटलं, वा, आज पठ्ठ्याने नवं काढलं. मी खाली तोंड करून म्हटलं, "अरे लुटारू, चावी पडायला तू काय दारुड्या नवरा आहेस?"

हशा.

"क्लाइव्ह, खरंच. पाणी."

"पाणी कशाला, रम माग."

पुन्हा हशा. एक बाई फटीतून बघत म्हणाली, "किती खरं करतो हो." मी टाळ्या सुरू केल्या, सगळ्यांनी उचलल्या. टाळ्या थांबल्या तेव्हा खालून काहीच आवाज नव्हता. आणि मी, सातव्या पिढीचा टॅपस्कॉट, तेव्हा वळलो. समोरच्या भिंतीवर शेवाळाची एक हिरवी रेघ आहे, पाणी तिथे पोचलं की सज्ज्याखाली माणसाचं डोकं बुडतं. पाणी तिच्या वर होतं.

मी पायऱ्यांवरून पाण्यात उडी मारली. त्याचा कोट हाताला लागला, कुलूप लागलं, चावी नाही. नंतर नदीच्या पोलिसांनी साखळी कापली.

चौकशी झाली. न्यायाधीशबाईंनी विचारलं, "उतरायची वेळ कोणी ठरवली?" मी म्हटलं, "वेळा आम्हा दोघांनाही माहीत असायच्या." एवढंच. हे खोटंही नाही, बघा. थापाड्या माणसाला नेमकं किती बोलायचं ते कळतं. निकाल लागला, अपघात. घड्याळाचा गोंधळ सगळ्यांच्या लक्षात आलाच होता, आणि तो कोणी घातला हे विचारायची कोणाला गरज वाटली नाही. एका बाजूला टॅपस्कॉट, दुसऱ्या बाजूला साखरेच्या गोदामातला कोरडा.

'लेम गनर'च्या एका भिंतीवर कथलाचे मग टांगलेले आहेत, तोंड खाली. नदीवरचा माणूस मेला की त्याचा मग उपडा टांगायचा, पुन्हा त्यातून कोणी प्यायचं नाही. माझ्या बापाचा आहे, आज्याचा आहे. मग टांगायचा की नाही ते तिथला सगळ्यांत जुना पडाववाला ठरवतो. सध्या आर्ची बर्डेट, वय चौऱ्याऐंशी, कान गेलेले, मस्ती शाबूत.

वर्ष होत आलं तेव्हा एका मंगळवारी दुपारी डेसची बायको मोरीन तिथे आली. हातात पिशवी, पिशवीत डेसचा मग. तिने तो आर्चीच्या टेबलावर ठेवला.

"हा भिंतीवर लावायचाय," ती म्हणाली.

आर्चीने मगाकडे बघितलं, मग तिच्याकडे. "पोरी, डेस देवमाणूस. पण ही भिंत नदीवाल्यांची."

"तो नदीतच मेला ना?"

"नदीत मेंढरंही मरतात." आर्ची हे मायेनेच म्हणाला, तीच तर पंचाईत. "पुस्तक वाचता न आल्यामुळे बुडालेला माणूस मी माझ्या बापाशेजारी कसा टांगू? लोक विचारतील, हा कोण, तर काय सांगू? घड्याळ चुकला तो?"

मोरीन माझ्याकडे वळली. मी बारला टेकून उभा होतो. "क्लाइव्ह, तू सांग यांना."

एवढंच म्हणाली. काय सांग, ते म्हणाली नाही. मला वाटलं, रदबदली कर म्हणतेय. पण तिच्या हातात रिकामी पिशवी होती आणि ती तिची घडी घालत होती, उलगडत होती, पुन्हा घालत होती. माझ्या तोंडून निघून गेलं.

"वेळ मी काढली होती. एक तास मीच मिळवला. डेसने फक्त ऐकलं."

आर्चीने कानामागे हात धरला. "काय म्हणतो?"

बारमागच्या राल्फने मोठ्याने सांगितलं, "म्हणतो, पुस्तक त्याने चुकीचं वाचलं."

आर्चीला हसू फुटलं. आधी खांदे हलले, मग पोट, मग खोकला. "टॅपस्कॉटने पुस्तक चुकीचं वाचलं. आणि माशाला पोहता येत नव्हतं."

सगळा पब हसला. राल्फ म्हणाला, "जा रे, कोणाला शेंड्या लावतोस? मागच्या महिन्यात तूच मला सांगितलंस की तळघरात राजवाड्यापर्यंत भुयार आहे. चार दगड काढले मी."

"खरं सांगतोय," मी म्हटलं.

"भुयाराच्या वेळीही असंच तोंड केलं होतंस."

आणि मला काय वाटलं ते सांगतो, लाज सोडून सांगतो. बरं वाटलं. बोलून झालं आणि कोणी ऐकलं नाही, याच्यासारखं सुख नाही. दोन सेकंद टिकलं ते.

मोरीन हसत नव्हती. तिने मग उचलला, कोपऱ्यातल्या टेबलावर गेली, बसली. मी समोर जाऊन बसलो.

"मोरीन, ते खरं होतं."

"माहीत आहे मला," ती म्हणाली. "पहिल्या दिवसापासून."

तिने डेसचा मग आमच्या मधोमध ठेवला.

"त्या सकाळी तो स्वयंपाकघरातलं घड्याळ मागे करायला खुर्चीवर चढला होता. वरूनच म्हणाला, मोरीन, आज घड्याळ बदललं, क्लाइव्हने हे धरलं असेल ना? मी म्हटलं, फोन करून विचार. तर म्हणाला, टॅपस्कॉटला भरतीची वेळ विचारू? सहा महिने सोडणार नाही तो मला. सगळ्या पबासमोर नक्कल करेल." तिने मगाच्या कडेवरून बोट फिरवलं. "मी पुन्हा म्हटलं, विचार. तो म्हणाला, जाऊ दे, त्याच्या रक्तात आहे ते."

तिने विचारायला सांगितलं होतं. दोनदा. आणि त्याने मला फोन केला असता, तर मी काय केलं असतं ते मला नीट माहीत आहे. आधी पाच मिनिटं त्याची खिल्ली उडवली असती.

"मग कोर्टात का नाही बोललीस?"

"तू बोलशील म्हणून. मग वाटलं, दफनाच्या दिवशी बोलशील. मग नाताळला. तू दर वेळी केक घेऊन यायचास आणि त्याचे किस्से सांगून मला हसवायचास. आणि मी हसायचे, क्लाइव्ह." तिने पिशवीची पुन्हा घडी घातली. "वाटलं होतं, तू कबूल केलंस की काहीतरी सुटेल. आत्ता केलंस. काहीच सुटलं नाही."

"मी कोर्टाला लिहून देतो. शपथेवर."

"दे. मग ही सगळी म्हणतील, क्लाइव्ह किती मोठ्या मनाचा, मेलेल्या दोस्तासाठी स्वतःवर घेतलं. बघ तू."

डेसचा मग पिशवीत घालून ती गेली. मी बस स्टॉपपर्यंत मागे गेलो, तिने वळून बघितलं नाही.

मी लिहून दिलं. कोर्टाचं उत्तर आलं, पत्र मिळालं, फायलीला जोडलं, निकालात बदल नाही. त्या पत्राची बातमी 'लेम गनर'मध्ये पोचलीच. रविवारी फेरी संपवून आत शिरलो तर आर्ची काठी टेकत उठून उभा राहिला. चौऱ्याऐंशी वर्षांचा माणूस माझ्यासाठी उभा. माझा हात हातात घेऊन म्हणाला, "पोरा, मित्राचं नाव राखायला स्वतःच्या घराण्याला काळं फासलंस. तुझा बाप असता तर रडला असता. आण तो मग. तुझ्यासाठी टांगू आपण."

"आर्ची, मी खरंच चुकलो होतो."

"हो हो," तो म्हणाला आणि डोळा मारला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मोरीनकडे गेलो. तिने दार साखळी लावूनच किलकिलं केलं. आतून टोस्टचा वास येत होता. मी सांगितलं, आर्ची तयार झालाय, मग दे, आज दुपारीच लावतो.

"कसा काय तयार झाला?"

मी सांगितलं. ती ऐकत राहिली.

"म्हणजे डेसला पुस्तक वाचता येत नव्हतं, हे तसंच राहिलं."

"हो."

"मग तो मग लावायचा कोणासाठी?"

माझ्या जिभेवर चार उत्तरं होती, चारही झकास, त्यातल्या एकाने तरी ती नक्की रडली असती आणि मग तिने दिला असता. चारही गिळली.

"माझ्यासाठी," मी म्हटलं.

तिने दार लावलं. जोरात नाही. मी तिथे बराच वेळ उभा होतो. आतून नळ चालू झाल्याचा आवाज आला, ती कपबशा धूत होती, मग नळही बंद झाला.