मधला थर

“मावशी, माझ्या आजीचं लुगडं दिसत नाही,” दीप्ती नवी गोधडी उलटीपालटी करत म्हणाली.

उषाबाई मजुरीवर आणलेल्या साड्यांचे सुटे धागे कापत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, “आत शे. मधल्या थरात आहे.”

“पण मला ते वर हवं होतं.”

“जुनं कापड आम्ही मधीच घालतो, नवं वर. सगळी लिंबायत वस्ती असंच शिवते.”

हे खरं होतं, पण पुरतं खरं नव्हतं.

दीप्ती चार वर्षांची असताना आईवडील तिला सुरतेतल्या भेस्तानहून अमेरिकेला घेऊन गेले. आता ती तिथली कलावंत होती. चित्रं काढायची, फिल्म करायची, कापडं जोडायची आणि आपण नेमके कुठले, हे त्या सगळ्यातून शोधायची. पंच्याण्णव साली ती गोधड्या बघत सुरतेला आली, तेव्हा लिंबायतच्या उषाबाईंच्या खाटेवरची गोधडी तिला फार आवडली. “महिनाभर द्या मावशी, लोकांना दाखवून परत आणते.” त्या गोधडीत वरच्या थराला गोपालचा शाळेचा निळा सदरा होता. एकच कापड उषाबाईंनी रीत मोडून वर लावलं होतं. त्यांचा मुलगा गोपाल नवव्या वर्षी काविळीनं गेला होता.

गोधडी परत आली नाही. दीप्तीच्या प्रदर्शनाची एक रंगीत पुस्तिका आली. फोटोत गोधडीचे चौकोन कापून एका अमेरिकन कोटाला जोडले होते. गोपालचा खिसा कोटाच्या पाठीवर होता.

उषाबाईंनी पुस्तिका पिठाच्या डब्याखाली ठेवली आणि वाट पाहिली. दोन वर्षांनी दीप्ती हिरवं लुगडं घेऊन आली. “आजीचं माझ्याकडे एवढंच आहे. याची गोधडी शिवून द्याल?” उषाबाई लगेच हो म्हणाल्या. बोटाच्या अंतरानं घालायचे टाके त्यांनी तांदळाएवढे घातले.

शेजारच्या कमलनं विचारलंही, “इतलं बारीक कसाले वं? कोणालेच उसवता येणार नही.”

“तेच तर पाहिजे.”

आता दीप्ती नखानं दोरा उचलू पाहत होती. निघेना.

“कापावं लागेल,” उषाबाई म्हणाल्या. त्यांनी कात्री तिच्यापुढे सरकवली आणि शेजारी ती पुस्तिका उघडून ठेवली. “काप की. तुला सवय आहे.”

दीप्ती फोटोकडे पाहत राहिली.

“गोपाल नाव त्याचं. त्या खिशात खडू ठेवायचा. चोरून आणायचा शाळेतून.”

“मला माहीत नव्हतं, मावशी.”

“विचारलं होतं तू?”

“तो कोट आता माझ्याकडे नाही,” दीप्ती म्हणाली. “एका संग्रहालयानं घेतला.”

तिनं कात्री उचलली, गोधडीच्या कडेला लावली. हात तसाच थांबला. मग कात्री खाली ठेवून ती तळव्यानं गोधडी चाचपू लागली. एका जागी लुगड्याचा जाड काठ हाताला लागला. तिथेच हात ठेवून, गोधडी छातीशी धरून ती उठली आणि गल्लीत उतरली.

उषाबाईंनी पुढची साडी मांडीवर घेतली. त्यांच्या मागे खाटेची काथ्याची वीण उघडीच होती. दोन हिवाळे त्यांनी तिच्यावर काही अंथरलं नव्हतं.