कापसाची खोली

खुर्शीदबीच्या मृत्यूनंतरच्या चाळीसाव्याला चार दिवस उरले होते, आणि तिच्या भावानं, मोहसीननं, तिच्या नवऱ्याला, गफ्फारला, फोनवर बजावलं, "दुल्हेभाई, पोरीनं ते गाणं नेटवरून उतरवलं नाई तर आमच्या घरचं कोणी फातेहाले येनार नाई. मेलेल्या मायले चुडैल करून टाकलं तिनं!"

गाणं अलीझाचं होतं. गफ्फारची ही एकुलती लेक अमरावतीत राहायची, चौघांच्या रॉक बँडमध्ये गायची. गाण्यातली लहान मुलगी ओरडत राहते, 'अम्मीनं कडी लावली, कापसानं आवाज गिळला.' लाखो लोकांनी ऐकलं. निम्मे रडले, निम्म्यांनी शिव्या घातल्या.

गफ्फार अकोल्यात गाद्या भरायचा. गाण्यातली ती कापूस साठवायची खोली त्याच्याच घरातली. सकाळच्या एसटीनं तो अमरावतीला आला आणि लेकीपुढे हात जोडून उभा राहिला.

"बेटा, काढून टाक ते गाणं."

"कोणती ओळ खोटी हाय, अब्बा? सांगा, आत्ता काढते."

ओळ एकही खोटी नव्हती.

"वीस वर्षं झाली," अलीझा म्हणाली, "माह्यं काय चुकत होतं, तेच शोधून राहिली मी."

'मस्ती करायचीस,' एवढं म्हटलं असतं तरी भागलं असतं. खुर्शीद गेली, आता ही एकच उरलेली. पण गफ्फारच्या तोंडून ते निघेना.

"तुह्यं काई चुकलं नाई. कापसातून आवाज जात नाई बेटा. आतला बाहेर नाई, बाहेरचा आत नाई."

"बाहेर काय होतं?"

"मी होतो."

गफ्फार थांबला नाही.

"माह्यी चाहूल लागली की अम्मी तुले आत ढकलत होती. मंग मी तिले मारत होतो. तुले ऐकू येऊ नये म्हणून..."

अलीझानं दार उघडलं. "जा अब्बा. हे मामूले सांगा. मंग गाण्याचं पाहू."

बसस्टँडवर त्यानं मोहसीनला फोन लावला.

"उतरवलं?"

"नाई."

"मंग आमी येत नाई."

"फातेहाले नका येऊ. खुर्शीद कडी कावून लावत होती, कशापायी लावत होती, ते ऐकायले या."

"कावून?" मोहसीनचा आवाज एकदम उतरला. "आत्ताच सांगा."

गफ्फारनं फोन डाव्या हातात घेतला. "ह्या उजव्या हातानं मारत होतो मी तिले," तो म्हणाला.