शेळी जिवंत आहे ना?

मी एक शेळी बोलतेय. रंग तपकिरी, एक शिंग जरासं वाकडं, गळ्यात पितळी घंटा. मी दूध देत नाही आणि लेंड्याही टाकत नाही, कारण मी कॉम्प्युटरच्या खेळातली शेळी आहे. खरं सांगायचं तर मधलं दीड वर्ष मी मेलेली होते. मेलेल्यांनी बोलू नये म्हणतात. तेव्हा मी गप्पच होते. आता बोलते.

माझा जन्म व्रोत्सवाफ शहरात, एका बंद पडलेल्या डेअरीत झाला. तिथे अकरा माणसं मिळून ‘सात वेशी’ नावाचा खेळ तयार करत होती. राजे, राक्षस, किल्ले सगळं झाल्यावर कुणाच्या तरी लक्षात आलं, की गावातली विहीर ओकीबोकी दिसते. मग मालविना नावाच्या मुलीनं एका दुपारी मला काढलं. रंग तिच्या कपातल्या चहावरून घेतला. आवाज मात्र फाटकावरच्या रखवालदाराचा आहे. त्यानं माइकपुढे असं काही ‘बें’ केलं, की दुसऱ्यांदा करावं लागलं नाही.

काम मला काहीच नव्हतं. विहिरीपाशी उभं राहायचं, चरायचं आणि कुणी कोबी घेऊन चाललं, की त्याच्यामागे जायचं. बस.

खेळ विकला गेला तशा माझ्यासारख्या हजारो शेळ्या घरोघर गेल्या. मी आले क्रोस्नो गावात, चौथ्या मजल्यावरच्या एका घरात. तिथे किंगा आणि यागोदा या दोघी बहिणी. थोरली किंगा कीबोर्डवर, धाकटी यागोदा शेजारच्या स्टुलावर चौकटीची वही घेऊन. दोघींत मिळून एकच नायक, बोगुमिल नावाचा. वहीत यागोदा नकाशे काढायची आणि भेटलेल्या प्रत्येकाची नोंद ठेवायची. माझ्याबद्दल तिनं लिहिलं होतं : ‘शेळी. काही बोलत नाही.’

तुम्हाला वाटतं, पडद्यात तुम्हीच बघता. अहो, आम्हीही बघत असतो. सूर्यफुलाच्या बिया कीबोर्डात कोण सांडतं आणि नाव कुणाचं घेतं, हे मला चांगलं ठाऊक आहे.

त्यांचा बाप लेस्वाव गावातली बस चालवायचा. पहाटेची पाळी आटपून एक वाजता घरी यायचा. मुली खेळायला बसल्या, की त्याची टकळी सुरू : “त्या बोगुमिलचे बूट झिजवण्यापेक्षा स्वतःचे झिजवा जरा!”

वसंतातल्या एका दुपारी घरात कुणी नव्हतं. लेस्वावनं इकडेतिकडे पाहिलं, हात धुतले आणि तो कॉम्प्युटरपुढे बसला. माउस हलवला, तसा बोगुमिल वळला, हाच दचकला. मग हळूहळू तो माझ्याकडे आला. लहानपणी त्याच्या घरी शेळ्या होत्या. मला गोंजारावं म्हणून त्यानं बटण दाबलं.

बोगुमिलच्या हातात तलवार होती.

माझं शेवटचं ‘बें’सुद्धा पुरं झालं नाही. लेस्वाव डोक्याला हात लावून बसला. इतक्यात बोगुमिलच्या झोळीत नवी वस्तू दिसली : ‘शेळीचं मांस, एक’. मुली बघतील! आता पुरावा लपवायचा कुठे? त्यानं तो बोगुमिलला खायला लावला. नायकाची तब्येत पाच गुणांनी सुधारली. माझ्या जिवाची किंमत पाच गुण, समजलं? निघताना कॉम्प्युटरनं विचारलं, ‘सेव्ह करायचं का?’ लेस्वाव भला माणूस. एवढं आदरानं कुणी विचारतंय, म्हणून तो ‘हो’ म्हणाला.

तेव्हापासून मी सेव्हमधल्या एका ओळीत राहू लागले : ‘विहिरीची शेळी – मेली’. जागा अरुंद होती, पण तिथून दिसायचं छान.

तुम्हाला वाटेल, त्यानं पुन्हा माउसला हात लावला नसेल. दुसऱ्या दिवशी सव्वाच्या ठोक्याला स्वारी हजर! लढाया त्याला नको होत्या. गिरणीपासून पूर्वेच्या वेशीपर्यंत एक रस्ता होता आणि त्यावर दिशा दाखवणारे सहा खांब होते. लेस्वाव बोगुमिलला गिरणीवरून सोडायचा, प्रत्येक खांबापाशी थांबवायचा, मनात दहा आकडे मोजायचा आणि पुढे न्यायचा. वेशीपाशी वळण घेऊन परत. पहाटेपासून बस चालवून आलेला माणूस विरंगुळा म्हणून काय करतो? बस चालवतो! पावणेतीनला तो बोगुमिलला होता तिथे नेऊन उभं करायचा आणि वर्तमानपत्र उघडून बसायचा.

फक्त बूट तेवढे त्याला लपवता आले नाहीत. त्या खेळात चाललं, की बूट झिजतात. यागोदाच्या वहीत दर आठवड्याला यायचं : ‘बूट परत झिजले. का?’

“गेममध्येच खोट आहे,” किंगा म्हणायची.

असं दीड वर्ष गेलं. किंगा शाळा संपवून एकोणीस वर्षांची झाली आणि आयर्लंडला, कॉर्कमध्ये एका हॉटेलात नोकरीला निघाली. ऑक्टोबरातल्या रविवारी पहाटे तिची बस होती. त्याच आठवड्यात आमच्या खेळाचा जोडभाग दुकानात आला. मूळ खेळाला जोडायचा नवा तुकडा, नाव ‘मिठाचं बेट’. किंगानं तो आणून धाकटीच्या उशीवर ठेवला.

“जायच्या आधी बेटावर दोघींनी मिळून पाऊल ठेवायचं,” ती म्हणाली. “कबूल?”

“कबूल. पण रविवारच्या आत, ताई.”

आता गंमत ऐका. बेटाची वाट कुणी दाखवायची, असा प्रश्न त्या डेअरीतल्या अकरा जणांना पडला होता. प्रत्येकाच्या खेळात हमखास जिवंत असेल असं कुणीतरी हवं होतं. राजाला लोक मारतात, व्यापाऱ्याला लुटतात. मग मालविना म्हणाली, “विहिरीवरची शेळी घ्या. तिला कोण कशाला मारेल? शिवाय शेळीला मीठ आवडतं.” ठरलं! बोगुमिल विहिरीपाशी आला, की मी घंटा वाजवत निघायचं, त्यानं माझ्यामागे यायचं, गिरणीमागच्या गुहेची शिळा मला पाहून सरकायची, आत होडी. आयुष्यात पहिल्यांदा मला काम मिळालं होतं, आणि मी मेलेली!

बुधवारी दोघींनी जोडभाग बसवला. खेळाच्या पहिल्या चित्रात समुद्र आला. यागोदानं टाळी वाजवली. सोबतच्या पुस्तिकेत एवढंच होतं : ‘विहिरीपाशी जा आणि घंटेच्या मागे चाला.’ बोगुमिल विहिरीपाशी गेला. घंटा वाजेना.

“आवाज वाढव,” किंगा म्हणाली. यागोदानं स्पीकरचं बटण शेवटपर्यंत पिळलं. विहिरीतलं पाणी धबधब्यासारखं गरजू लागलं. घंटा नाही ती नाहीच.

सीडी चष्म्याच्या फडक्यानं पुसून झाली. जोडभाग काढून पुन्हा बसवून झाला. मासिकाबरोबर आलेली दुरुस्तीची सीडी चढवून झाली. गुरुवारी विहिरीला दिवसा, रात्री आणि पावसात फेऱ्या झाल्या. आई इरेना स्वयंपाकघरातून म्हणाली, “कोबी आंबायला घातलाय ना, त्याची वाफ शिरली असेल यंत्रात.” आणि आमचा मारेकरी? तो कॉम्प्युटरचं झाकण उघडून फुंकर मारत होता. “धूळ,” तो मान हलवत म्हणाला. “सगळं धुळीमुळे होतं.” हसू आवरेना मला, पण मेलेल्या शेळीला हसता येत नाही.

शुक्रवारी दुपारी किंगानं खेळ विकणाऱ्या कंपनीच्या वॉर्साच्या मदतकेंद्राला फोन लावला. फोनचा स्पीकर चालू होता. सगळे स्वयंपाकघरात कोबी चिरायला बसले होते. यागोदाही शाळेतून आली होती.

“दुरुस्तीची सीडी चढवलीत?” पलीकडच्या बाईंनी विचारलं.

“हो.”

“नायक दहाव्या लेव्हलच्या पुढे आहे?”

“तेविसाव्या.”

“अरे वा!” कागद चाळल्याचा आवाज आला. “रागावू नका हं, पण... शेळी जिवंत आहे ना?”

“कुठली शेळी?”

“विहिरीवरची. ती मेली असेल, तर वाट उघडत नाही. इथे बसून मी तीन महिने प्रत्येकाला हा प्रश्न विचारणार, असं दिसतंय.”

किंगानं वळून यागोदाकडे पाहिलं. “मारलीस तू तिला?”

“मी नाही!”

“खेळतो कोण घरात? तू आणि मी. मी मारलेली नाही.”

“माझी वही बघ! एक ससा मारला तरी मी लिहून ठेवते. ताई, खरंच नाही गं...” यागोदाचे डोळे भरले. “तू चाललीस, आणि जाताना मला खोटं पाडतेस?”

मी लेस्वावकडे पाहत होते. त्याच्या हातात अर्धा कोबी होता. गप्प राहिला असता, तर कुणाला कळणार होतं? पुरावा बोगुमिलच्या पोटात. पण धाकटीचं नाक लाल झालं, तसा त्यानं कोबी खाली ठेवला.

“मी मारली,” तो म्हणाला.

“काय?”

“शेळी. मीच मारली. गोंजारायला गेलो होतो.”

इरेनाची सुरी थांबली. “तू? तू तर म्हणतोस, त्या खेळानं डोकं सडतं!”

“एकदाच बसलो होतो.”

“बूट!” यागोदा ओरडली. डोळे पुसायचंही तिला सुचलं नाही. “बाबा, ते बूट तुम्ही झिजवता!”

लेस्वावचे कान कोबीला घालायच्या बिटासारखे लाल झाले. “...रोज बसतो,” तो म्हणाला.

“आणि शेळीचं मांस?” किंगानं विचारलं.

“खाल्लं.”

फोनमधून हसण्याचा आवाज आला. बाई अजून तिथेच होत्या! “साहेब,” त्या कशाबशा म्हणाल्या, “शेळीच्या आधीची सेव्ह आहे का?”

“आम्ही एकाच जागी सेव्ह करतो,” किंगा म्हणाली.

“मग एक आज्ञा सांगते, लिहून घ्या. खेळातच एक काळी चौकट उघडते, तिच्यात टाइप करायची आणि एंटर. शेळी परत येईल.”

“मी मारली, मीच आणणार,” असं म्हणत लेस्वाव कॉम्प्युटरपुढच्या खुर्चीत बसला. दोन बोटांनी त्यानं आज्ञा टाइप केली, एंटर दाबलं. चौकटीनं पडदा झाकलेला होता, काहीच दिसेना. त्यानं पुन्हा एंटर दाबलं. मग जरा जोरात, लागोपाठ पाच वेळा. बसचं दार अडकलं, की तो असंच करतो.

किंगानं चौकट मिटवली. विहिरीपाशी सात शेळ्या उभ्या होत्या.

सगळ्यात आधी आले ती मी. बाकीच्या सहाजणीही हेच सांगतील, विश्वास ठेवू नका. घंटा वाजवत आम्ही सातही गुहेकडे धावलो आणि गुहेच्या तोंडात अशा अडकलो, की ना आत जाता येईना, ना बाहेर. बोगुमिलला पाय ठेवायलाही जागा नव्हती.

“सहा मारून टाका,” किंगा म्हणाली. “दुसरा उपाय नाही.”

“नाही,” लेस्वाव म्हणाला.

“बाबा, उद्या शनिवार आहे!”

“एकीला मारलेलंच दीड वर्ष मनात राहिलं, तेवढं पुरे.” त्यानं माउस धरला. “झोळीत कोबी आहे का?”

होता. बोगुमिलनं कोबी हातात घेतला, तशी मागची शेळी वळली. मग दुसरी. “चला, मागे सरका, गर्दी करू नका,” लेस्वाव पडद्याशी बोलत होता, अगदी बसमध्ये बोलतो तसा. गिरणीवरून वरात निघाली. पहिल्या खांबापाशी तो थांबला, एक कोबी खाली टाकला, दहा आकडे मोजले. एक शेळी तिथे चरत राहिली. दुसऱ्या खांबाला दुसरी उतरली. तिसऱ्याला तिसरी. दोघी बहिणी त्याच्या दोन खांद्यांवरून बघत होत्या. सहाव्या खांबाला सहावी उतरली आणि रिकामा बोगुमिल गिरणीवर परत आला. सगळ्यात पुढे अडकल्यामुळे मला कोबी दिसलाच नव्हता, म्हणून गुहेपाशी मी एकटी उभी होते. शिळा सरकली.

“शेवटचा थांबा,” लेस्वाव म्हणाला आणि खुर्चीतून उठला. “आता तुम्ही.”

शनिवारी दोघी होडीत बसल्या. आवाजाचं बटण शेवटपर्यंत पिळलेलंच होतं, त्यामुळे समुद्र सगळ्या इमारतीला ऐकू गेला. पांढऱ्या किनाऱ्यावर बोगुमिलचं पाऊल उमटलं, तेव्हा कीबोर्डवर किंगाचं एक बोट होतं आणि यागोदाचं एक. पण बेट मोठं निघालं. संध्याकाळपर्यंत एक कोपराही पाहून झाला नाही. यागोदा नकाशा काढत राहिली आणि पान संपलं, तरी वही मिटेना.

“परत चल,” किंगा म्हणाली. तिनं बोगुमिलला होडीनं माघारी आणून माझ्या विहिरीपाशी उभं केलं. “नाताळला येईन, तेव्हा पुढे. माझ्याशिवाय कुणी बेटावर जायचं नाही. बाबा, तुम्हीसुद्धा.”

रविवारी ती गेली.

तेव्हापासून लेस्वाव सव्वाला बसतो, आता उघडपणे. सहा खांबांवरच्या सहाजणींना कोबी घालतो, मला घालतो. गुहा उघडी आहे, होडी तयार आहे. पण तो तिकडे वळत नाही. तीनला यागोदा येते आणि विचारते, “आज बूट किती झिजले?”

माणसांनो, एका शेळीचं एवढंच मागणं आहे. कुणाला गोंजारायला जाल, तेव्हा हातात काय आहे ते आधी बघा. आणि सेव्ह दोन जागी करत जा.

बाकी माझं बरं चाललंय. दर रविवारी कॉर्कहून फोन येतो. किंगा तब्येत विचारत नाही, हवा विचारत नाही. पहिलं वाक्य ठरलेलं :

“शेळी जिवंत आहे ना?”

“सातही,” लेस्वाव म्हणतो. “थांब, ऐक.”

मग तो बोगुमिलला माझ्याजवळ आणतो आणि फोन स्पीकरला लावून धरतो. मी घंटा वाजवते. “आणखी एकदा,” पलीकडून किंगा म्हणते, म्हणून मी आणखी एकदा वाजवते.