आईने खाल्लेल्या दोन मात्रा

प्रोग्रेसिव्ह रॉक म्हणजे काय, असं वर्गात कुणी विचारलं की मी सांगते, ज्या गाण्यावर नाचायला गेलं की पाय मुरगळतो ते! तेरा मात्रांचं आवर्तन, मध्येच सात, पुन्हा तेरा, आणि गाणं संपेपर्यंत हातातला चहा गार. माझी आई असल्या बँडची ड्रमर. पूर्वी हे मी दबक्या आवाजात सांगायचे. आता बाकावर ठेका धरून सांगते, बाई ओरडेपर्यंत.

बँड तिघांचा. ड्रमवर आई, गिटारवर मामा, बेस आणि गाणं लंबूकाकांचं. नियम एकच, तोही आईनेच केलेला. ड्रमवर बसलेल्याची सम तीच सगळ्यांची सम. एकदा भर कार्यक्रमात सम कुठे यावरून ती आणि मामा वाजवणं थांबवून भांडले होते. लोकांना तोही गाण्याचाच भाग वाटला आणि टाळ्या पडल्या. तेव्हापासून आई जिथे पहिली मात्रा ठेवेल तिथे बाकीच्यांनी निमूट उडी मारायची. वाद नंतर.

मग आईचा डावा कान गेला. उजवाही त्याच वाटेवर होता. कानाच्या डॉक्टरांनी ड्रम बंद करायला सांगितलं.

"बंद केले तर कान वाचेल?" आईने विचारलं.

"खात्री देता येत नाही."

"मग वाजवते," म्हणून ती उठलीसुद्धा.

शेवटच्या अल्बमचं रेकॉर्डिंग गाद्यांच्या एका बंद कारखान्यात झालं. आवाज घुमू नये म्हणून भिंतींना जुन्या गाद्या टेकवल्या होत्या. रेकॉर्डिंग करणारे ते बटणकाका. त्यांना खरं नाव असेलच, पण कुणी विचारलं नाही. आईच्या हेडफोनचा आवाज ते रोज वाढवत, आणि आई रोज म्हणे, "अजून." मी शाळा सुटली की तिथेच. आईच्या मानेवर घाम आणि मामाच्या कपाळावर आठ्या. सगळं लवकर उरकायला हवं होतं, आणि उरकायची घाई झाली की सगळं चुकत होतं.

शेवटचं गाणं लांबलचक, एका दमात वाजवायचं. शेवटाकडे आई हेडफोन कानावर दाबून धरावा तशी खांदा वर करू लागली. तिला ऐकू येत नव्हतं. ती मामाचा पाय बघून वाजवत होती. आणि अगदी शेवटच्या आवर्तनात, समेवर यायच्या आधी, तिने दोन मात्रा खाल्ल्या. तेराऐवजी अकरा! मामाचे डोळे मोठे झाले, पण नियम म्हणजे नियम. त्याने उडी मारली, लंबूकाकांनीही मारली. तिघं असे एकदम आदळले की गाद्यांमधली धूळ उडाली.

"कसं झालं?" आई ओरडली. एवढं ओरडायची काही गरज नव्हती.

मामाने सवयीने अंगठा वर केला, पण चेहरा पडलेला. पुन्हा घेऊ, असं सांगायला त्याचं तोंड उघडलंही होतं. तेवढ्यात आई स्पीकरजवळ गेली, दोन्ही तळवे त्यावर टेकले आणि बटणकाकांना म्हणाली, "लाव की."

ते गाणं मघापासून लावलेलंच होतं. पूर्ण आवाजात.

त्यानंतर पुन्हा घेऊ कोण म्हणणार?

अल्बम आला. पहिले काही महिने तो नातेवाइकांनीही ऐकला नाही. मग कुठल्याशा ड्रमरने त्या शेवटच्या उडीचं कौतुक केलं, आणि पोरंटोरं ती वाजवून दाखवायला लागली. कुणी लिहिलं, ही काळाने घेतलेली झेप आहे. कुणी लिहिलं, हे गणित आहे. आई मात्र अल्बमचं नावही काढू देत नव्हती. जे ऐकता येत नाही, त्याचं काय करायचं?

पण परवा मला राहवलं नाही. माझ्याएवढीच एक मुलगी ते गाणं वाजवतेय असा व्हिडिओ मी आईसमोर धरला. आईला हात बघून सगळं कळतं. ती मान डोलवत होती, आणि शेवटी हसली.

"चुकली गं पोरगी. दोन मात्रा खाल्ल्यान."

पुढचा व्हिडिओ आपोआप सुरू झाला. तोही तिथेच चुकला. मग एक टकले आजोबा. तेही.

आईचं हसू गेलं. "ठमे, इकडे बघ. मी काय वाजवलं होतं?"

ती ओठ वाचते. मी तोंड फिरवलं असतं तरी भागलं असतं. पण हल्ली मला तोंड फिरवता येत नाही.

"अकरा," मी म्हटलं.

तिने मामाला व्हिडिओ कॉल लावला. "धाकट्या, काढून टाक ते! सगळीकडून काढ!"

"ताई, आता ते आपल्या हातात नाही."

"मग तेव्हा का नाही थांबवलंस?"

मामा एकेक शब्द सुटा करून बोलला. "नियम. तुझाच. होता."

"गाढवा, ऐकू येणाऱ्या माणसाचा होता तो नियम!"

मामाने चष्मा काढला. आईने फोन उशीवर फेकला आणि ती तडक ड्रमवर जाऊन बसली.

"दाखव. कशी चुकले मी? सगळे ऐकतात ते मला एकदा तरी वाजवू दे."

मी तिच्या पाठीवर अकरा मात्रा थापटल्या. तिने वाजवलं. तेरा आल्या. परत थापटल्या, परत तेरा. माझा तळवा लाल झाला, तिच्या हातातली एक काठी निसटून कपाटाखाली गेली, पण हात काही चुकेनात.

"टकल्याला जमतं!" ती रडकुंडीला आली. "मला नाही जमत!"

मी कपाटाखालून काठी काढली आणि तिला हाताला धरून उठवलं. बाकावर मी उगाच का थापटत असते? स्टुलावर बसले. तिचे दोन्ही तळवे मोठ्या ड्रमच्या अंगाला टेकवले आणि ते शेवटचं आवर्तन वाजवलं, जमेल तसं, दोन मात्रा गाळून.

ती सम तिच्या हातात जाऊन आदळली. आई दचकली.

"चूक ती चूकच," ती गरजेपेक्षा खूप मोठ्याने म्हणाली. हात मात्र काढले नाहीत.

"पुन्हा."