हेलनला तीन हाका

प्रल्हादची आई दुपारी चार वाजता शार्लटच्या विमानतळावर उतरणार होती. मिरजेहून पुण्याला जायचं तरी सोबत शोधणारी ही बाई पहिल्यांदाच विमानात बसली होती आणि तीही एकटी. म्हणून ॲन आर्बर सोडतानाच प्रल्हादनं स्वानंदीला बजावून ठेवलं होतं.

"वाटेत तुझ्या विटा-दगड बघायला थांबू. पण एक वाजता म्हणजे एकला निघायचं. आईला इंग्लिश येत नाही, तिच्याकडे फोन नाही. मी समोर दिसलो नाही तर ती घाबरेल यार."

"एकला निघू," स्वानंदी म्हणाली होती. "माझी जबाबदारी."

प्रल्हादला शार्लटच्या एका बँकेत नोकरी लागली होती. त्याचं सामान त्याच्या जुन्या टॉरस गाडीत कोंबून दोघं दक्षिणेकडे निघाले होते. स्वानंदीचं मटेरियल सायन्समधलं एम.एस. नुकतंच संपलं होतं आणि हाताला काम नव्हतं, म्हणून मैत्रीखातर ती ड्रायव्हिंगला सोबत आली होती. मैत्रीखातर हे निम्मं खरं. सरळ रस्ता वेस्ट व्हर्जिनियातून जात होता. नॉक्सव्हिलवरून डोंगर चढून ॲशव्हिलला जाणारा लांबचा रस्ता तिनंच प्रिंट काढून आणला होता, कारण ॲशव्हिलला एक घुमट होता.

तो घुमट बघताना तिची मान दुखायला लागली. चर्चच्या छताला एकही तुळई नव्हती, मध्ये एकही खांब नव्हता. बोटभर जाडीच्या भाजक्या मातीच्या फरशा एकीवर एक चुन्या-सिमेंटनं चिकटवत नेलेल्या, आणि त्यांचा एवढा मोठा लंबगोल आकाशासारखा डोक्यावर पसरलेला. आपल्या कौलांचीच ही थोरली बहीण, असं तिच्या मनात आलं. चालत चालत शहर दाखवणाऱ्या ओपलबाईंनी सांगितलं, की हा बांधणारा स्पॅनिश माणूस इथंच, या चर्चमध्येच पुरलेला आहे.

"स्वतःच्या छताखाली झोपायची हिंमत पाहिजे," प्रल्हाद हळूच म्हणाला.

ओपलबाई सत्तरीच्या असतील. डोक्यावर जांभळी हॅट, पायात पळायचे बूट. त्यांनी गुलाबी टोपी घातल्यासारखा दिसणारा सिटी हॉल दाखवला. १९३० च्या मंदीत शहर असं बुडालं, की जुन्या इमारती पाडून नव्या उभारायची ऐपत पुढं कित्येक वर्षं कुणाला राहिली नाही. "गरिबीनं वाचवलं आम्हाला," त्या म्हणाल्या. स्वानंदी त्यांच्या पाठोपाठ प्रश्न विचारत होती. फरशा किती थरांच्या? पाऊस आत येतो का? भेग गेली तर कळतं कसं? शेवटी बाकीचे पर्यटक तिच्याकडे बघून हसायला लागले.

मग ओपलबाईंनी हेलनची गोष्ट काढली. गावाबाहेर डोंगरावर दगडी कमानीचा एक जुना पूल आहे. जवळच राहणाऱ्या हेलन नावाच्या बाईची मुलगी आगीत गेली, आणि त्या दुःखात तिनं पुलावरच जीव दिला. तेव्हापासून ती येणाऱ्याजाणाऱ्याला विचारते, माझी मुलगी पाहिलीत का? पुलाखाली उभं राहून तिला तीन वेळा हाक मारली, की गाडी चालू होत नाही.

"किती गाड्या बंद पडल्या आजवर?" स्वानंदीनं विचारलं.

"पुष्कळ. मी त्याच रस्त्याला राहते. लोक माझं दार वाजवतात."

"आणि ज्यांच्या चालू होतात, ते सांगायला येतात का तुमच्याकडे?"

ओपलबाईंनी हॅट मागं सारून तिच्याकडे नीट पाहिलं. "नाही बाळ, ते घरी जातात."

एवढं झाल्यावर पूल न बघता निघणं स्वानंदीला शक्यच नव्हतं. घड्याळात साडेबारा होत होते आणि पूल दहा मिनिटांवर होता.

"फक्त कमान बघायची," ती म्हणाली. "दगड कसे बसवलेत ते. एकला निघतोय आपण."

"तू हाक-बिक मारणार नाहीस."

"मारणार. त्याशिवाय कळणार कसं?"

सिटी हॉलपाशी दोन तास उभी राहिलेली टॉरस चालू होताना जरा कुरकुरली, पण झाली. वळणावळणानं चढत ते पुलाशी आले. झाडीत लपलेली, शेवाळलेल्या दगडांची उंच कमान रस्त्यावरून ऐटीत गेली होती. प्रल्हादनं गाडी कडेला लावून बंद केली. स्वानंदीनं कमानीचे दगड हातानं चाचपले, सांधे बघितले, मधला पाचरीचा दगड शोधला. मग गाडीत येऊन बसली आणि खिडकीतून तीनदा म्हणाली, "हेलन! हेलन! हेलन!"

झाडीतून एक पक्षी उडाला. बस.

"झालं समाधान? चल." प्रल्हादनं किल्ली फिरवली.

कट्, एवढाच आवाज आला. पुन्हा फिरवली. कट्.

प्रल्हादनं स्टिअरिंगवरचे हात काढले आणि मांडीवर ठेवले. "स्वानंदी, तू ना..."

"थांब. विचार करू दे."

"काय विचार करणार तू? माझी आई आत्ता समुद्रावर आहे! तिथं उतरून ती..." मोबाइल त्यानं खिडकीबाहेर धरला, टपावर धरला. डोंगराच्या या कुशीत रेंजची एकही काडी दिसत नव्हती.

आधी हाक न मारता एकदा चालू करून बघायला हवी होती, हे स्वानंदीला तेव्हा सुचलं. कॉलेजातल्या पोरालाही कळतं. आता हेलनमुळे बंद पडली की तशीही पडली असती, हे कसं ठरवणार? पण सिटी हॉलपाशी गाडी कुरकुरली होती. तेव्हा तर हेलनला कुणी हाक मारली नव्हती. म्हणजे बॅटरी त्याआधीपासूनच उतरत होती. कशानं? दिवे बंद. रेडिओ बंद.

आणि मग तिला वास आला. भाजलेल्या दाण्यांचा, जिऱ्याचा, तुपाचा.

तिनं खाली वाकून पायाशी ठेवलेला टॉवेल उचलला. टॉवेलात गुंडाळलेला डबा चांगलाच तापला होता. ट्रक ड्रायव्हरांच्या दुकानातून घेतलेला, गाडीच्या लायटरमध्ये वायर खुपसून अन्न गरम ठेवणारा डबा. आज शनिवार. प्रल्हादच्या आईचा, काकूंचा, उपवास. विमानात त्या फळांखेरीज कशाला हात लावणार नाहीत, म्हणून सकाळी नॉक्सव्हिलच्या मोटेलात शेगडीवर स्वानंदीनंच साबुदाण्याची खिचडी केली होती आणि गार होऊन तिचे खडे होऊ नयेत म्हणून डबा लायटरला लावला होता.

"किल्ली काढली की लायटर बंद होतो ना?" तिनं विचारलं.

"तुमच्या जपानी गाड्यांत होत असेल. माझा चालूच राहतो. का?"

तिनं वायर काढून त्याच्यासमोर धरली. प्रल्हादनं वायर पाहिली, डबा पाहिला.

"म्हणजे सकाळपासून? त्या घुमटाखाली आपण माना वर करून उभे होतो तेव्हा?"

"हो. सॉरी."

"माझ्या आईसाठी केलेल्या खिचडीमुळे मी माझ्या आईला..." तो हसला की रडला, ते तिला कळलं नाही. तो उतरून रस्त्याच्या मधोमध जाऊन उभा राहिला.

दोन वाजून गेले तरी रस्त्यावर एकही गाडी आली नाही. शेवटी स्वानंदीच चढ चढत निघाली आणि पहिल्याच घराच्या ओसरीत तिला जांभळी हॅट खुंटीला टांगलेली दिसली. ओपलबाई नुकत्याच पोचल्या होत्या. तिला दारात बघून त्यांनी काही न विचारता कोपऱ्यातल्या जंपर केबल उचलल्या.

"कोणी मारली हाक?"

"मी. पण कारण ते नाही." त्यांच्या पिकअपमधून पुलापाशी येईपर्यंत तिनं त्यांना प्रल्हादची आई, डबा, लायटर, बॅटरी सगळं सांगितलं.

"तुझ्या गाडीचं कळलं," ओपलबाई केबलचे चिमटे लावत म्हणाल्या. "बाकीच्यांच्या गाडीत खिचडी नव्हती." त्यांनी तो शब्द इतक्या काळजीनं उच्चारला, की प्रल्हादलाही हसू फुटलं. टॉरस खोकली आणि चालू झाली. "आता वाटेत बंद करू नका," त्या म्हणाल्या. "आणि आईला माझा नमस्कार सांगा."

शार्लटपर्यंत त्यांनी गाडी कुठंच थांबवली नाही. विमानतळाच्या पार्किंगमध्ये प्रल्हाद गाडीतून उतरून पळतच सुटला. स्वानंदी डबा छातीशी धरून मागून धावली. साडेपाच वाजून गेले होते.

प्रवासी बाहेर येतात त्या दाराशी गर्दी उरली नव्हती. एका बाकापाशी विमानतळाचा गणवेश घातलेला उंच माणूस वाकून उभा होता. त्याच्यासमोर नऊवारीवर स्वेटर घातलेल्या अहिल्याकाकू उभ्या होत्या. त्यांनी पासपोर्ट साइजचा एक फोटो त्याच्या डोळ्यांपुढं धरला होता.

"माझा मुलगा," त्या मराठीतच, सावकाश, प्रत्येक शब्द ठेवत सांगत होत्या. "प्रल्हाद. पाहिलात का?"

प्रल्हाद त्यांच्या पायाशी वाकला तेव्हा तो माणूस सुटकेच्या स्वरात म्हणाला, "देवाची कृपा. तासभर या बाई प्रत्येकाला हा फोटो दाखवताहेत."

काकू रडल्या नाहीत. त्यांनी मुलाच्या गालावर हलकी चापट मारली, मग त्याच गालावरून हात फिरवला. स्वानंदीनं डबा पुढं केला. खिचडी अजून कोमट होती. तळाशी खरपूस खरवड धरली होती. काकूंनी बाकावर बसून पहिल्यांदा तीच काढून खाल्ली.

"उशीर का झाला गं?"

स्वानंदीनं काहीच लपवलं नाही. पूल सांगितला, हेलन सांगितली, तिच्या तीन हाका सांगितल्या, आणि डबा कसा बॅटरी पिऊन बसला तेही. खरं कारण सांगून ती थांबली. सगळं नीट जुळत होतं. काकू मात्र बॅटरीपाशी थांबल्याच नव्हत्या.

"तिची मुलगी सापडली का मग?"

"नाही काकू. ती गोष्ट आहे नुसती."

"मग तुम्ही तिला हाक मारली आणि ती काय विचारते त्याचं उत्तरही दिलं नाहीत?"

स्वानंदीनं खाली पाहिलं. काकूंच्या मांडीवर तो छोटा फोटो पडला होता. एवढ्या हातांतून फिरून त्याचे कोपरे मऊ झाले होते.

"जाताना पुन्हा तिकडूनच जाशील ना?" काकूंनी विचारलं.

"मी बसनं जाणार आहे, काकू." मग तिला वाटलं, ॲशव्हिलला बस थांबते का ते बघायला हवं.