सोया सॉसमधली हिरवी वांगी

सुरतजवळ कडोदऱ्याला, यांच्या मिलमध्ये नवं मशीन बसवायला एक चिनी इंजिनिअर आला होता. आमचे हे त्याच्यासोबत चार दिवस जेवले आणि आचारी होऊन घरी आले. "आज तिखट चायनीज वांगं मी करतो, तू नुसती बस," म्हणाले. वीस वर्षांत ज्या माणसाने चहाचं पातेलं विसळलं नाही, तो मला माझ्याच ओट्यापासून हटवत होता.

मी बसले. माझ्या भावाने जळगावहून भरतासाठी पाठवलेली मोठाली हिरवी वांगी यांनी माझ्या डोळ्यांदेखत बोटाएवढी चिरली. इंजिनिअरची वांगी बारीक, लांब आणि जांभळी होती, हे यांनी मोबाइलवर काढून आणलेल्या फोटोतही दिसत होतं. पण यांच्या लेखी वांगं म्हणजे वांगं. तेलात लसूण, आलं, मिरच्या पडल्या, वर सोया सॉस आणि व्हिनेगर. भरताचं वांगं मुळातच लोण्यासारखं. पाच मिनिटांत कढईत त्याचा लगदा झाला. हे मात्र मोबाइल बघत झारा आणखी जोरात फिरवत होते. "हे असंच असतं," मला समजावलं.

मी विचारलंच नव्हतं.

पहिलं ताट सासूबाईंना वाढलं. काय केलंय ते त्यांना कुणी सांगितलं नाही. त्यांनी भाकरीचा तुकडा मोडला, घास सावकाश चावला आणि लेकाकडे पाहिलं.

"भरीत बरं व्हयनं, गजेंद्र," त्या म्हणाल्या. "फक्त वांगं भाजानं राही गयं."