घुबडाला मारलेलं ढेकूळ

चन्नप्पांच्या दुकानात शाम्पूच्या पुड्यांच्या माळा नव्यानेच लटकू लागल्या होत्या, त्या वर्षीची गोष्ट. माणूस तसा शहाणासुरता, पण एका संध्याकाळी कड्याखालच्या शेतातून परतताना त्यांनी कपारीतल्या घुबडाला ढेकूळ मारलं. वनखात्याने कडा राखीव केल्यापासून तिथे मोर आणि घुबडं निर्धास्त नांदत होती. यांनाच काय दुर्बुद्धी सुचली, देव जाणे.

घुबडाला ढेकूळ मारू नये, हे आपल्याकडे पोरासोरांनाही ठाऊक असतं. घुबड ते ढेकूळ चोचीत धरून पाण्यात टाकतं आणि ते विरघळेल तसतसा मारणारा झिजत जातो. पुढच्याच आठवड्यात चन्नप्पांना टायफॉईड झाला. बीडच्या डॉक्टरांनी ताप उतरवला, पण माणूस अंथरुणातून उठेना, पेजेचा घोटही घेईना.

"अवं, आता नुसतं खायाचं हाय म्हणत्यात डॉक्टर," त्यांची बायको शिवकांता वाटी पुढे करी.

"कावून खाऊ? ढेकूळ इरगळत आलं आसंल," म्हणून ते भिंतीकडे तोंड करत.

शिवकांताबाईंचा जीव तीळतीळ तुटत होता. एका दुपारी गुडघे धरत त्या कड्याकडे निघाल्या. कडा मोठा देखणा. काळा कातळ, मधे गेरूसारखी तांबडी पट्टी, वर पुन्हा काळा कातळ आणि पायथ्याच्या ओढ्यात पांढऱ्या चुनखडीचे खडे. बाईंच्या माहेरी चुन्याची भट्टी होती. चुनखडी भाजल्याशिवाय पाण्याला दाद देत नाही, हे त्या लहानपणापासून बघत आलेल्या.

त्यांनी एक खडा उचलला तोच वनखात्याचा राखणदार बंकट आडवा आला. "काकू, हितला दगूड सुदीक न्यायचा न्हाई."

"तुजे काका उठले की आणून टाकते, बाबा. तवर मलाच ठिवून घे."

बंकट हसला आणि मोर बघायला म्हणून पाठ फिरवून उभा राहिला.

घरी येऊन त्यांनी दुकानातली गोळ्यांची बरणी रिकामी केली, पाणी भरलं, खडा आत सोडला आणि बरणी नवऱ्याच्या उशाशी ठेवली. "हे बगा तुमचं ढेकूळ. ओढ्यात घावलं. चुनखडी हाय ही, जल्मात इरगळायची न्हाई."

चन्नप्पांनी कुशीवर वळून बरणीतला पांढरा खडा बघितला. आपण मारलं ते रानातल्या काळ्या मातीचं ढेकूळ होतं, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. मग त्यांना बायकोचं चिखलाने भरलेलं लुगडं दिसलं, खरचटलेलं कोपर दिसलं. देवळाची पायरी चढतानाही धापा टाकणारी ही बाई आपल्यासाठी ओढ्यात उतरली. त्यांना तिची फार माया आली, आणि स्वतःची लाज वाटली.

"लई लांब गेलतीस," ते म्हणाले. "आण ती पेज."

अर्धी वाटी संपल्यावर त्यांनी तोंड वाकडं केलं. "मीठ कमी हाय."

मीठ आणायला म्हणून शिवकांताबाई स्वयंपाकघरात गेल्या, आणि इतके दिवस रडू दाबून धरलेल्या त्या तिथे हमसून हमसून रडल्या.